बंदुका आर्वोकडे

वेर्नर लात्वालाने वडिलांची रायफल त्या समुपदेशक बाईला भेट देऊन टाकायचं ठरवलं, आणि तिथेच त्याचं बिंग फुटलं.

बाईचं नाव डॉरीन पेल्टिए. दवाखान्याच्या मागच्या अंगाला, पूर्वी जिथे एक्स-रे काढत त्या खोलीत ती बसायची. वेर्नर तिला 'बोलण्याची डॉक्टरीण' म्हणायचा. ऐली, म्हणजे त्याची बायको, वसंतात गेली. सकाळी कॉफी ओतता ओतता खाली बसली ती उठलीच नाही. त्यानंतर वेर्नरने शनिवारी वाफेचं न्हाणीघर, म्हणजे साउना, तापवणं सोडलं, दाढी सोडली, डब्यातलं गार खायला लागला. उन्हाळा सरताना मुलगी करीन मिलवॉकीहून आली. तिने फ्रीज उघडला, दूध नासलेलं पाहिलं आणि बापाचा कान धरल्यासारखं त्याला डॉरीनसमोर नेऊन बसवलं.

"मला बोलायला बाई लागते होय?" वेर्नर कुरकुरला होता. "होती एक. गेली."

तरी तो जात राहिला, कारण डॉरीन लिओ पेल्टिएची पोर होती. लिओ आणि वेर्नर दोघांनी लाकडाच्या ओंडक्यांचे ट्रक चालवलेले. सुपीरियर सरोवराच्या काठाकाठाने, बर्फात, उतारावर ब्रेक तापून वास सुटेपर्यंत. लिओच्या पोरीकडे पाठ फिरवणं बरं दिसलं नसतं. शिवाय ती कॉफी चांगली करायची, आणि गप्प बसायची तेव्हा घड्याळाकडे बघत नसे.

त्या दिवशी बाहेर मेपलची पानं लालभडक होऊन गळायला लागली होती. हरणांचा हंगाम तोंडावर आलेला. वेर्नर म्हणाला, "यंदा मी शिकारीच्या कॅम्पवर जाणार नाही. सगळ्या बंदुका पुसून, तेल लावून ठेवल्यात. बाबांची रायफल तू घे. लिओची पोर आहेस. तुला कदर राहील."

डॉरीनने कप खाली ठेवला. ज्या माणसाने आयुष्यात त्या रायफलीला दुसऱ्याचा हात लागू दिला नाही, तो ती अशी कॉफीबरोबर वाटायला काढतो, याचा अर्थ तिला कळत होता.

"वेर्नर, मी सरळ विचारते. तुम्ही जीव द्यायचा विचार करताय का?"

वेर्नरने खिडकीबाहेर पाहिलं. इतक्या महिन्यांत हा प्रश्न त्याला कुणी विचारला नव्हता. पाद्रीबुवांनी नाही, करीनने नाही. सगळे विचारायचे, जेवलास का, झोपलास का. त्याला वाटलं होतं, असं कुणी विचारलं तर आपण उठून चालते होऊ. प्रत्यक्षात त्याचे खांदे खाली आले, ओझं कुणी मागून उचलून धरावं तसे.

"विचार म्हणजे... मी बोलवत नाही त्याला," तो म्हणाला. "भटक्या कुत्र्यासारखा येतो. दारात येऊन बसतो. मग जातो."

"आणि येतो तेव्हा तुमची नजर कुठे जाते?"

वेर्नरने कप टेबलावर गोल फिरवला. "कपाटाकडे."

"बंदुकांच्या?"

वेर्नरचा चेहरा लगेच बदलला. "आलीस ना शेवटी मूळ पदावर! बंदुका हव्यात तुम्हा लोकांना. आज माझ्या, उद्या सगळ्या गावाच्या."

डॉरीन हसली. "अहो, मी लिओच्या घरात वाढलेय. हरणाचं मांस संपत आलं की आमची आई रडकुंडीला यायची. मला कशाला तुमच्या बंदुका? ठेवू कुठे? या खोलीत तिसरी खुर्ची मावत नाही." मग ती पुढे वाकली. "मला एक सांगा. हिवाळा सरताना तळ्यावरचा बर्फ कच्चा झाला, की त्यावर उभ्या केलेल्या मासेमारीच्या खोपट्याचं काय करता?"

"काय करणार? ओढून काठावर आणतो."

"मोडून टाकता?"

"मोडू कशाला? पुढल्या हिवाळ्याला लागतं की."

"मग लोक म्हणत असतील, वेर्नर भित्रा आहे."

"भित्रा कसला त्यात? जो आणत नाही तो गाढव."

"तेवढंच म्हणतेय मी. सध्या बर्फ कच्चा आहे. ती वाईट वेळ येते ना, ती काही दिवसभर बसत नाही. येते आणि ओसरते. तेवढ्या वेळात बंदूक हाताशी नसली, की माणूस दुसऱ्या दिवसाची कॉफी पितो. मी पुष्कळांना पिताना पाहिलंय." तिने टेबलावरचा फोन त्याच्याकडे सरकवला. "बंदुका तुमच्याच. फक्त काठावर आणायच्या. कुणाकडे, ते तुम्ही सांगा."

वेर्नरला विचार करावा लागला नाही. "आर्वो."

आर्वो निस्कानेन. शाळेत शेजारी, लग्नात शेजारी, कॅम्पवर झोपायच्या दुमजली बाकावर खाली घोरणारा. वेर्नरने नंबर फिरवला.

"आर्वो, तुझ्या त्या लोखंडी कपाटात जागा आहे का?"

"का रे? बुटका असलास तरी तू मावायचा नाहीस." आर्वो स्वतःच्याच विनोदावर खिंकाळला. इकडे वेर्नर हसला नाही, तेव्हा त्याचंही हसू विझलं. "काय झालं?"

"बंदुका ठेवायच्यात. सध्या... घरात नकोत."

पलीकडे खुर्ची सरकल्याचा आवाज आला. मग आर्वो म्हणाला, "आत्ता येतो."

"उद्या ये. घाई नाही."

डॉरीनने मान हलवली. नाही.

"आत्ताच येतो," आर्वो पुन्हा म्हणाला आणि फोन ठेवला.

डॉरीनने वेर्नरला विचारून करीनलाही कळवलं. अडीनडीला कुणाला फोन करायचा, ते नंबर एका पाठकोऱ्या कागदावर मोठ्या अक्षरात लिहून दिले. "पहिला नंबर आर्वो," ती म्हणाली. "मी दुसरी. मान मोठा तुमच्या मित्राचा."

घर रस्त्याच्या टोकाला. आर्वोच्या आधी वेर्नर पोचला. कपाट उघडलं. जवसाच्या तेलाचा, बंदुकीच्या तेलाचा, जुन्या लोकरीचा वास आला. चार बंदुका उभ्या होत्या. तीन तशाच राहू दिल्या. चौथी, सगळ्यांत लहान, त्याने उचलली. खुंटीवर ऐलीचा निळा ॲप्रन अजून लटकत होता, त्यात ती गुंडाळली आणि परसातल्या सरपणाच्या खोपटात आढ्यावर सारून ठेवली. असं का केलं, हे त्याने स्वतःलाही विचारलं नाही. हात धुतले आणि ओसरीवर जाऊन उभा राहिला.

आर्वो आला तो अंगात कामाचाच सदरा घालून. कपाटासमोर दोघं उभे राहिले, चर्चमध्ये उभे राहावं तसे.

"पहिली कोणती?" आर्वोने विचारलं.

पहिली बाबांची. वेर्नरचे वडील फिनलंडहून आले, तांब्याच्या खाणीत उतरले. खाण बंद पडली त्या हिवाळ्यात घरात बटाटे आणि ही रायफल, एवढंच होतं. बाबा पहाटे स्कीवर निघायचे आणि आई चुलीवर रिकामं भांडं पाण्याने भरून ठेवायची. येतील ते घेऊनच येतील, असं तिचं म्हणणं. बहुतेकदा यायचे. दस्त्यावर बाबांच्या गालाने घासून घासून एक गुळगुळीत जागा झाली होती. वेर्नर लहानपणी तिथे गाल टेकवून बघायचा. थंडगार लागायची.

आर्वोने बोल्ट मागे ओढून रायफल उघडली, नळीत काही नाही ना पाहिलं, अंगठा घालून पुन्हा पाहिलं. बापाने शिकवलेली सवय. मग ती ब्लँकेटवर ठेवली.

दुसरी दुनळी. तित्तरांची. "ही मला ओळखते," आर्वो म्हणाला. "हिनेच तू माझी टोपी उडवलीस."

"मी नाही. तू माझी उडवलीस."

"तुझी? माझी टोपी होती! हिरवी! मार्लिसने विणलेली!"

"मार्लिसने विणलेली म्हणूनच मी ती घातली होती, तू घालायला तयार नव्हतास."

मार्लिस म्हणजे आर्वोची बायको. टोपी उडाली तेव्हा पिवळ्या पानांच्या त्या जुन्या रस्त्यावर दोघंही विशीत होते. छर्रे टोपीच्या गोंड्यातून गेले, आणि ज्याच्या डोक्यावर ती होती तो खाली बसून हसला की रडला, यावर इतक्या वर्षांत एकमत झालं नव्हतं. त्या दिवशीही झालं नाही. पण बऱ्याच महिन्यांनी वेर्नरचा आवाज चढला होता, आणि ते आर्वोच्या लक्षात आलं.

तिसरी वेर्नरची स्वतःची. ट्रकवरच्या पहिल्या हिवाळ्यात घेतलेली. आर्वोने ती नुसती उघडून पाहिली, मिटली, ठेवली. काडतुसांचे डबेही घेतले.

"आणि ऐलीची?" त्याने विचारलं.

"ती करीनने नेली."

आर्वोने त्याच्याकडे पाहिलं. पत्ते खेळताना वेर्नर थाप मारायचा तेव्हा कानाची पाळी चोळायचा, हे आर्वोला पन्नास वर्षं ठाऊक होतं. वेर्नरचा हात कानाशी होता. आर्वोने तोंड उघडलं, मिटलं, आणि ब्लँकेटचं गाठोडं उचलून ट्रककडे निघाला.

"किल्ली मार्लिसच्या गळ्यात राहील," जाता जाता तो म्हणाला. "तिच्या गळ्यातून काही काढून घेणं मला आजवर जमलेलं नाही."

पुढच्या भेटीत डॉरीनने विचारलं, "सगळ्या गेल्या?"

"सगळ्या," वेर्नर म्हणाला.

ऐलीची बंदूक म्हणजे खरं तर खेळणंच. सशांची, टिनपाटांची. पण वेर्नरचा संसार तिच्यापासून सुरू झालेला. जूनमध्ये सगळे फिन लोक तळ्याकाठी जमून होळीसारखी मोठी शेकोटी पेटवायचे, नाचायचे, त्या वर्षीची गोष्ट. दुपारी कुंपणावर रिकामे डबे मांडले होते. वेर्नर आपला ऐटीत नेम धरून डबे पाडत होता. दुसऱ्या गावची एक लांब पायांची मुलगी येऊन शेजारी उभी राहिली. तोंडात वेलदोड्याचा पाव, हातात ही बंदूक. चावता चावता तिने उरलेले सगळे डबे पाडले, आणि म्हणाली, "तुमच्या गावात बायका बघायला उभ्या राहतात वाटतं?" वेर्नर पुढे तिच्याशी नाचला, पण तिच्या पावाचा तुकडा खांद्यावर पडला होता तो त्याने घरी जाईपर्यंत झटकला नाही. ही गोष्ट ऐली लोकांना सांगायची, आणि तो दर वेळी म्हणायचा, एक डबा मीच पाडला होता.

ऑक्टोबर सरत आला. रविवारी दुपारी पहिला बर्फ भुरभुरला. वेर्नरने मटार शोधायला डीप फ्रीज उघडला, तर तळाशी कागदात गुंडाळलेली पावाची वेणी निघाली. वेलदोड्याचा पाव. ऐलीच्या हातचा. ती गेली त्याच्या आधी केव्हातरी भाजून ठेवलेला. त्याला वाटलं होतं, सगळे संपले.

त्याने तो ओव्हनमध्ये ठेवला. हळूहळू स्वयंपाकघर भरून गेलं. वेलदोडा, लोणी, भाजलेली साखर. ती मागे उभी आहे, हाताचं पीठ ॲप्रनला पुसते आहे, आता म्हणेल, 'गरम गरम तोडू नको, कुस्करतो'. वेर्नरने गरमच तोडला. कुस्करला. उभ्या उभ्या खाल्ला. एवढं चांगलं त्याला कित्येक महिन्यांत वाटलं नव्हतं. आणि मग वास विरत गेला. ओव्हन निवला. भिंतीवरचं घड्याळ तेवढं चालू राहिलं, आणि तो भटका कुत्रा दारात येऊन बसला.

आज तो नुसता बसला नाही, आत आला.

वेर्नरने बूट चढवले. ओसरीपर्यंत गेला. अंगणात बर्फाचा पातळ थर, त्यावर एकही पाऊल नाही. पलीकडे सरपणाचं खोपट. तो तिथे किती वेळ उभा होता, ते त्याला पुढे कधी सांगता आलं नाही. एवढंच आठवत होतं की आपल्या बुटांकडे बघून वाटलं, ते पांढरं मोडू नये. आणि मग तो मागे वळला. फोन स्वयंपाकघरात, भिंतीवर. नंबर बघावा लागला नाही.

"आर्वो. ऐलीची इथेच आहे."

"कुठे?"

"सरपणाच्या खोपटात. आढ्यावर."

"तू कुठे आहेस?"

"आत. स्वयंपाकघरात."

"तिथेच बस. फोन ठेवायचा नाही. मार्लिसला देतो. मार्लिस! वेर्नरशी बोल! काहीही बोल!"

मार्लिस आली. तिला काय झालं ते कळलं होतं की नाही, कोण जाणे. पण तिने जे बोलायला सुरुवात केली ते थांबवलंच नाही. तिचा डावा गुडघा. डॉक्टर म्हणतो बदला, पण डॉक्टरचं काय जातं? चर्चमध्ये कॉफी आता मशीनची आणलीय, पिऊन बघितलीस का वेर्नर, मोजे उकळून काढावेत तशी. तुझं मत काय? नाही, मत सांग. ऐकतोयस ना? हुं म्हण. वेर्नर हुं म्हणत होता. मार्लिसच्या बहिणीच्या सुनेने पडदे जांभळे लावले, इथपर्यंत गाडी आली, तेव्हा बाहेर आर्वोच्या ट्रकचं दार आपटलं.

खिडकीतून त्याला दिसलं, आर्वो घरातल्या सपाता घालूनच बर्फातून खोपटाकडे पळत होता. पळत म्हणजे काय, सत्तरीचा माणूस पळेल तसा. निळं गाठोडं काखेत घेऊन बाहेर आला, ट्रकमध्ये ठेवलं, कुलूप लावलं, मग घरात आला. सपाता भिजून पचपच करत होत्या.

"खोटारड्या," तो म्हणाला. "मला माहीत होतं."

"मग बोलला का नाहीस?"

आर्वो खुर्चीत बसला. "बोलायला हवं होतं. तेव्हापासून झोप नाही मला. वाटायचं, विचारलं तर तू दुखावशील." त्याने डोळे पुसले, आणि हाताला लागला तो पावाचा उरलेला तुकडा तोंडात टाकला.

"अरे! ऐलीच्या हातचा शेवटचा होता तो!"

आर्वो चावायचा थांबला. गाल फुगलेला. "मग काय, संग्रहालयात ठेवणार होतास?"

वेर्नर हसला. हसता हसता त्याला रडू आलं, आणि ते इतकं आलं की टेबलाची कड धरावी लागली. बायको पुरली तेव्हा रडला नव्हता तो. आर्वोने शेजारी खुर्ची ओढली आणि त्याच्या पाठीवर हात ठेवून बसून राहिला. चघळणं मात्र त्याने चालूच ठेवलं, पाव फुकट घालवायची त्यांच्यात रीत नव्हती.

त्या रात्री वेर्नर आर्वोकडेच झोपला. सकाळी दोघं डॉरीनकडे गेले. वेर्नरने सगळं सांगितलं, थापसुद्धा. त्याला वाटलं ती रागावेल.

"फोन तुम्ही केलात," डॉरीन म्हणाली. "खोपटाकडे निघालेला माणूस फोनकडे वळला. ते कसं जमलं, तेवढं मला सांगा. ते आपल्याला पुन्हा लागेल." मग तिने डॉक्टरांना बोलावून गोळ्या सुरू करून दिल्या, करीनला फोन लावला, आणि पुढचे काही आठवडे वेर्नरला एकाआड एक दिवस यायला सांगितलं. करीन त्याच आठवड्यात आली. तिने बापाला काही ऐकवलं नाही. साउना तापवला, आणि त्याची पाठ घासताना एवढंच म्हणाली, "बाबा, आईकडे जायच्या आधी मला सांगायचं." तिला काय म्हणायचं होतं ते दोघांनाही नीट सांगता आलं नसतं, पण समजलं.

हंगाम सुरू झाला तेव्हा आर्वो दारात हजर. "चल कॅम्पवर."

"बंदूक नाही मला."

"हात आहेत ना? स्वयंपाक कर. यंदा करणारं कुणी नाही."

कॅम्प म्हणजे नदीकाठचं डांबरी कागद ठोकलेलं एक खोपं. लोखंडी शेगडी, सहा बाक, उंदरांनी कुरतडलेले पत्ते. वेर्नर तिथे पहिल्यांदा गेला तेव्हा त्याचा बाप जिवंत होता. म्हातारे लोक फिनिशमध्ये गायचे, ओले मोजे दोरीवर वाळत घालायचे, आणि सगळ्या खोप्याला त्या मोज्यांचा, धुराचा, कांद्याचा वास यायचा. ते सगळे आता चर्चमागच्या टेकडीवर झोपले होते, पण दार उघडल्याबरोबर तोच वास आला. वेर्नर उंबऱ्यात थबकला. आतून कुणीतरी 'दार लाव, थंडी येते' म्हणून ओरडेल असं वाटलं.

"दार लाव, थंडी येते!" क्लेटन ओरडला.

क्लेटन रस्त्यावरचा बर्फ काढायचं यंत्र चालवायचा. वयाने पुष्कळ लहान, तोंडाने सगळ्यांत मोठा. तिघंच होते यंदा. क्लेटनने वेर्नरचे रिकामे हात पाहिले.

"बंदूक कुठेय?"

"खांदा दुखतोय त्याचा," आर्वो घाईने म्हणाला.

"कुठला?"

"उजवा," आर्वो म्हणाला.

"डावा," त्याच क्षणी वेर्नर म्हणाला.

क्लेटनने एकदा याच्याकडे, एकदा त्याच्याकडे पाहिलं. शेगडीत लाकूड तडतडलं. वेर्नरच्या मनात आलं, दोन्ही म्हणावं आणि मोकळं व्हावं. पण या बाकावर त्याचा बाप बसायचा, आणि बापासमोर थाप मारल्यासारखं वाटलं.

"खांदे ठीक आहेत," तो म्हणाला. "ऐली गेल्यावर मला जगायचं नव्हतं. माझ्या बंदुका आर्वोकडे आहेत. मीच दिल्या. एक लपवली होती, तीही दिली. बरं चाललंय आता. रोज नाही, पण चाललंय."

आर्वो आपल्या नखांकडे बघत होता. शेवटी क्लेटनने नाक वर करून हुंगलं.

"सूप करपतंय."

खरंच करपत होतं. वाटाण्याचं सूप वेर्नरने जन्मात प्रथमच केलेलं. तळाला लागलेलं खरवडत तिघांनी ते खाल्लं. आर्वो म्हणाला, असं सूप त्याच्या आजीने केलं असतं तर आजोबा फिनलंडहून आणखी लवकर निघाले असते. पहाटे ते दोघं रानात गेले. वेर्नर शेगडीजवळ कॉफी घेऊन बसला, लांबून आवाज आला की हा आर्वोचा, हा क्लेटनचा, असं ओळखत. आपण तिथे नाही याचं त्याला वाईट वाटेल असं वाटलं होतं. थोडं वाटलंही. पण खिडकीत बर्फावर ऊन चढत गेलं, आणि त्याने कणीक मळायला घेतली. पाव काही ऐलीसारखा झाला नाही. दगड झाला. दोघांनी कॉफीत बुडवून खाल्ला.

शेवटच्या संध्याकाळी वेर्नर भांडी घासत होता. क्लेटन फडकं घेऊन शेजारी आला. हे आक्रीतच, कारण क्लेटनने कॅम्पवर कधी बशी पुसली नव्हती. एकच बशी तो पुसत राहिला.

"ती बाई," तो हळू म्हणाला. "लिओची पोर. ती... सगळ्यांना घेते का?"

वेर्नरने हात पाण्यातच ठेवले. "घेते."

"शेरी मला सोडून, पोरांना घेऊन गेली. उन्हाळ्यात. मी कुणाला सांगितलं नाही." बशी चकचकीत झाली होती, तरी फडकं फिरतच होतं. "घर फार शांत असतं रे. आणि माझंही कपाट आहे."

वेर्नर त्याच्याकडे वळला. डॉरीनने विचारलं होतं ते त्याला आठवलं, आणि तेच त्याने विचारलं, तितक्याच सरळ. "क्लेटन, जीव द्यायचा विचार येतो का?"

क्लेटनने मान हलवली. हो.

"आज?"

"आज नाही. इथे नाही. घरी गेलो की."

"मग घरी एकटा जायचं नाहीस. आर्वोच्या कपाटात जागा आहे. आर्वो!"

आर्वो बाकावर पडला होता. त्याने डोळे उघडले नाहीत. "ऐकलंय मी. मार्लिसला सांगावं लागेल, गळ्यातल्या किल्लीचं वजन वाढलं."

कॅम्प मोडला, तसे तिघं एकाच ट्रकमधून आधी क्लेटनच्या घरी गेले. त्याच्या बंदुका ब्लँकेटमध्ये घातल्या. प्रत्येक बंदुकीबरोबर क्लेटनने काहीबाही सांगितलं आणि म्हाताऱ्यांनी ते मन लावून ऐकलं, वीस वेळा ऐकलेलंसुद्धा. मग वेर्नरने डॉरीनला फोन लावून दिला.

गुरुवारी वेर्नर त्याला घ्यायला गेला. एकटा सोडला तर हा वाटेतल्या पुलावरूनच माघारी फिरेल, याची त्याला खात्री होती. अर्ध्या रस्त्यात क्लेटन म्हणाला, "लोक बघतील ना ट्रक दवाखान्याबाहेर."

"ट्रक माझाय," वेर्नर म्हणाला. "त्यांना वाटेल म्हातारा पुन्हा बिघडला."

डॉरीनने दार उघडलं. वेर्नरला बघून ती बाजूला झाली. क्लेटनने टोपी काढली, पुन्हा घातली, पुन्हा काढली आणि आत गेला. दार लागलं. आतून आधी काहीच ऐकू येईना, मग क्लेटनचा नेहमीचा मोठा आवाज, मग तो आवाजही खाली आला.

बाहेरच्या बाकावर एक जुनं मासिक पडलं होतं, मासे पकडण्याचं. वेर्नरने चष्मा लावला, पाय लांब केले आणि पहिल्या पानापासून वाचायला घेतलं. घाई नव्हती.